पोरीच्या तोंडावरचा पदर

बाई, परवा तुम्ही पुन्हा टीव्हीवर दिसल्या. तुमची तेरवी आटोपली, पाहुणे आपापल्या गावी गेले, तुमची गादी गच्चीवर उन्हात टाकून झाली, आणि हे जेवणाची वाट पाहत बातम्या लावून बसले होते तर तुम्ही समोर. तीच पोपटी साडी, सुटलेला अंबाडा, मांडीवर माझी तेव्हाची एवढीशी पल्लवी. मी पोळपाटावरची पोळी तशीच सोडून दारात येऊन उभी राहिले. बंद करा म्हणायला तोंड उघडलं होतं. मेलेलं माणूस मान वळवून आपल्याकडे पाहतं तेव्हा काय होतं ते मला विचारा. मागे तवा धुरकटला, तरी नजर काही हलेना.

मला माहीत होतं हे होणार. उन्हाळ्यात भूकंपाची तारीख आली की इथल्या हिंदी मुलखातलं आपलं ते लोकल चॅनेल जुनं सगळं उकरून काढतंच. पडलेल्या भिंती, रस्त्यावरच्या खाटा, कमानिया बाजाराकडच्या गल्लीतले विटांचे ढीग, आणि मग तुम्ही. यंदा मी आधीपासून यांच्या मागे लागले होते की केबल काही दिवस काढून टाका. हे म्हणाले, "अगं, चार सेकंदांचं तर असते. किती वर्षं पाहून राहिलो आपण." हो, पाहून राहिलो. पण तेव्हा तुम्ही शेजारी बसलेल्या असायच्या नं.

तुम्हाला काय नव्यानं सांगायचं, पण मला ते एकदा नीट मांडून पाहायचं आहे, कारण आता भांडायला तुम्ही नाही. भूकंप पहाटे झाला. आपण दोघी जावा, आपले दोघींचे नवरे, आणि माझी अडीच वर्षांची पोर, सगळे फॅक्टरीच्या क्वार्टरमधून अंगावरच्या कपड्यांनिशी समोरच्या ग्राउंडवर. दुसऱ्या दिवशी दुपारी मी बादल्या घेऊन टँकरच्या रांगेत उभी होते आणि पल्लवी तुमच्या मांडीवर झोपली होती. तेवढ्यात तो कॅमेरावाला आला. तुम्ही त्याला पाहिलं आणि पहिलं काम काय केलं, तर पदर ओढून पोरीचं तोंड झाकलं. परकं माणूस लेकराकडे टक लावून पाहायला लागलं की आपल्यातली बाई दुसरं करणार काय? त्यात त्याच्या खांद्यावर तो एवढा मोठा काचेचा डोळा. नजर लागली असती, बस.

पण त्या माणसाला कुठून कळणार? त्याने पाहिलं की एक बाई मातीत बसली आहे, मांडीवर लेकरू निपचित, तोंडावर कापड, आणि बाई डोळे फाडून बघते आहे. तोंड झाकलेलं लेकरू म्हणजे काय, ते समजायचं ते तो समजला. थांबून विचारलंसुद्धा नाही. संध्याकाळी साऱ्या देशाच्या बातम्यांत तुमच्या चेहऱ्यावर आवाज आला. "ये माँ..." आणि इथे तो थोडा थांबतो, आवाज जड करतो, "जिसकी गोद इस भूकंप ने सूनी कर दी."

आपल्याकडे ना वीज ना टीव्ही. आपण मजेत टँकरचं पाणी गाळून राहिलो होतो. पाहिलं नागपुरात माझ्या माहेरच्यांनी. त्यांनी तुम्हाला ओळखलं, पोरीचा हिरवा झबला ओळखला, माझ्या आईनेच शिवला होता तो. बापू, माझा भाऊ, मिळेल त्या गाडीने उभ्याउभ्या आला. ग्राउंडवर मला पाहिलं आणि त्याचं तोंड वाकडंतिकडं झालं. मी म्हटलं, काय झालं रे, आई बरी आहे नं? तेवढ्यात पल्लवी मुठीतले मुरमुरे सांडत तुमच्या मागून आली आणि तो धप्पकन मातीत बसला. त्याने दोन्ही हातांनी तिचे पाय चाचपून पाहिले. आई घरी छाती बडवून पडली होती, शेजारच्या बायकांनी चूलसुद्धा पेटवू दिली नव्हती. हे सगळं त्याने तिथेच मातीत बसून सांगितलं.

आणि तुम्ही? तुम्ही शांतपणे विचारलं, "रडून झालं नं त्यांचं सगळ्यांचं?"

"हो," बापू म्हणाला.

"मग झालं. टळलं."

मी म्हटलं, काय टळलं? तर तुम्ही म्हणाल्या, "जे येणार होतं ते." तुमच्या वर्ध्याकडे डोक्याला कावळा शिवला की त्या माणसाच्या मरणाची खोटी खबर नातेवाइकांकडे धाडत. ते रडायचे, मग दुसरी खबर जायची की बाबा सुखरूप आहे. रडणं एकदा होऊन गेलं की यमाचं काम झालं, तो दुसऱ्यांदा येत नाही. "आपण मुद्दाम खबर धाडतो, शोभा. इथे टीव्हीनं फुकटात धाडली. आता ती पुसायची नाही."

आपलं भांडण त्या दिवशी सुरू झालं आणि ते तुमच्यासोबत ग्वारीघाटाच्या स्मशानापर्यंत गेलं. मी शाळेत शिकवणारी, शिकलेली, माझा काही कावळ्यावर विश्वास नव्हता. पण लहानपणापासून ऐकलेलं होतं की घरातली वास्तू तथास्तु म्हणत असते, तोंडातून अभद्र काढू नये. मग जो आवाज दरवर्षी साऱ्या शहराला सांगतो की माझी पोर मेली, त्याला कोण तथास्तु म्हणत असेल? मी म्हणायची, बाई, मी जाते त्यांच्या ऑफिसात, पोरीला कडेवर घेऊन जाते, दाखवते. तुम्ही दार अडवून उभ्या राहायच्या. "काहून पोरीच्या जिवावर उठून राहिलीस? चालू आहे ते चालू दे." म्हणजे बघा, एकाच चार सेकंदांना आपण दोघी भीत होतो, आणि दोघींची भीती एकमेकींच्या उलट होती. मला वाटायचं ते दाखवतात म्हणून पोर जाईल. तुम्हाला वाटायचं ते थांबलं तर जाईल.

घर तेव्हापासून भीतीतच राहिलं. तुम्ही उशाशी स्टीलचे पेले उपडे करून एकावर एक रचायला लागल्या, जमीन हलली की खणखणून पडावेत म्हणून. मांजर धक्का मारायचं, पेले पडायचे, आणि पुढच्या क्षणाला पल्लवी तुमच्या खांद्यावर आणि तुम्ही अनवाणी रस्त्यावर. मी आणि हे मागून धावत यायचो. कधी माझ्या लक्षात यायचं की मी तिची आई, आणि तिला उचलायला दरवेळी मी दुसरी पोहोचते. मला राग यायचा, खोटं कशाला बोलू. मी चिडून म्हणायची, बाई, अहो मांजर होतं ते. तुम्ही धापा टाकत म्हणायच्या, "मांजरच असू दे बाप्पा रोज." नंतर विजय नगरला आपलं घर झालं, पक्कं, पिलरचं, तरी पेले आले सोबत.

मग दहावीत तिला टायफॉइड झाला. ताप उतरेना, पोर बडबडायला लागली, डॉक्टर रोज औषध बदलत होते. त्याच दिवसांत ती तारीख आली. दवाखान्याच्या वऱ्हांड्यात टीव्ही होता आणि त्यावर तुम्ही आल्या. "ये माँ, जिसकी गोद..." एक अनोळखी बाई माझ्या शेजारी होती, ती हळहळली, "हाय राम, बेचारी." आत माझी पोर तापाने फणफणत होती आणि बाहेर तिच्या मरणावर लोक हळहळत होते. मी तुमच्या अंगावर ओरडले. भर दवाखान्यात, लोकांसमोर. म्हटलं, हे तुमच्यामुळे होऊन राहिलं, तुम्ही मला थांबवलं, आता माझी पोर खरंच चालली. तुम्ही जवळ आल्या. माझा दंड घट्ट धरून म्हणाल्या, "ऐक. आत्ताच सांगितलं नं त्यांनी, गेली म्हणून? त्या बाईनं हाय राम म्हटलं नं? मग आज रात्रीतून उतरते की नाही पाहा." तुमची बोटं दंडात रुतली होती. तुमचे दात वाजत होते, बाई. बोलत होत्या खात्रीने आणि दात वाजत होते.

ताप उतरला. मी म्हटलं डॉक्टरांनी उतरवला, तुम्ही म्हटलं टीव्हीनं. त्यावरून पुन्हा भांडलो, पण त्या भांडणाला चव होती. घरी येऊन तुम्ही मीठ-मोहरी घेऊन तिची दृष्ट काढली. तेव्हापासून तो नेमच झाला. टीव्हीवर ते दाखवून झालं की तुम्ही उठायच्या, मूठ भरायच्या. पोर पुण्याला नोकरीला गेली तर तिच्या फोटोवरून उतरवायच्या. मी हसायची. म्हणायची, चला, झाला कार्यक्रम. पण मोहरी तडतडेपर्यंत मीही गॅसजवळच उभी असायची, तुम्ही पाहिलं असेलच.

एक गोष्ट आपण कधीच बोललो नाही. तुमची कूस उजवली नाही. घरात कोणी काही म्हणत नव्हतं, पण बाहेरच्यांची तोंडं कोण धरणार? पल्लवीच्या बारशाला तुम्ही तिला पाळण्यात घालायला उचललं, तर यांच्या मावशीबाई पुढे आल्या आणि "आण इकडे, लेकुरवाळीच्या हातून होऊ दे" म्हणून तुमच्या हातातून घेऊन गेल्या. तुम्ही पेढ्यांचं ताट घेऊन आत गेल्या, बाहेर आल्या तेव्हा हसत होत्या. मी बाळंतीण, पाटावर बसलेली, मला वाटलं आता उठावं आणि मावशीबाईंना काही सुनवावं. पण नवी सून, नाही उठले. मग पल्लवी बोलायला लागली आणि तुम्हाला मोठीआई म्हणायला लागली. आपल्या विदर्भाकडे मोठ्या काकूला म्हणतातच तसं, त्यात विशेष काय. मला तेवढ्यावर वाटलं की झालं, भरपाई झाली.

मागच्या वर्षी शाळेतून लवकर सुटले होते, निवृत्तीच्या आधीचे दिवस. घरात आले तर तुम्ही खाटेवर, डोळ्यांजवळ फोन धरून. आवाज ऐकू आला. "ये माँ..." आणि बंद. पुन्हा, "ये माँ..." आणि बंद. पुन्हा. मी चपला हातात घेऊन दारातच उभी राहिले. मला भीती वाटली, एकदम थंड भीती, की बाईंचं डोकं फिरलं की काय. की एवढ्या वर्षांच्या धास्तीनं आता त्यांना ते दिसतच राहतं की काय. मी पाय न वाजवता मागे फिरले, बाहेरून मुद्दाम कडी वाजवली आणि आत येऊन चहा ठेवला. तुम्ही फोन उशीखाली सरकवला. "आलीस? अच्छा, आलं टाक जरा," म्हणाल्या. मी आलं टाकलं. विचारलं नाही.

तर परवा. तुम्ही टीव्हीवरून गेल्या, पुढची बातमी लागली, आणि घरात कोणी उठलं नाही मूठ भरायला. हे माझ्याकडे पाहत होते. पल्लवीला आठवा महिना आहे, बाई. तुम्हाला माहीतच आहे, तिचं डोहाळजेवण तुम्हीच ठरवलं होतं आणि ते राहिलं. मी स्वयंपाकघरात गेले. मीठ घेतलं, मोहरी घेतली, तिचा लग्नातला फोटो भिंतीवरून काढला. मला मंत्रसुद्धा येत नव्हता. तुम्ही काय पुटपुटायच्या ते मी हसण्यावारी नेलं, शिकून नाही घेतलं. मी नुसतंच म्हटलं, बाईंची नजर सोडून बाकी सगळ्यांची जळो. तवा तापला, मोहरी तडतडली, आणि मी तिथेच ओट्याला टेकून रडले.

तेवढ्यात तिचाच फोन. तिनेही पाहिलं होतं, आजकाल फोनवर येतं सगळं. रडत नव्हती, रागात होती. "आई, बस हो गया. मी त्यांना लिहून राहिले. की जिला तुम्ही दरवर्षी मारता ती मी आहे, जिवंत आहे, आणि मोठीआईच्या मांडीवर मी झोपली होती फक्त. बाळ यायच्या आधी मला हे संपवायचं आहे."

इतकी वर्षं मी हेच म्हणत होते नं? मग मी काय म्हणावं? मी म्हटलं, "काहून स्वतःच्या जिवावर उठून राहिलीस? बाळंतपण होऊ दे, मग पाहू." शब्द तुमचे होते. आवाजसुद्धा तुमचाच वाटला मला. तुम्ही होत्या तोवर तुमच्याशी भांडायची चैन होती, कारण आपण हरणार हे ठाऊक होतं. तुम्ही दार अडवलेलं होतं. आता दार उघडं, आणि मला उंबरा ओलांडवेना. पोटातलं लेकरू, आठवा महिना, आणि जी खबर तिला इतकी वर्षं झाकून होती ती तिच्याच हाताने पुसायची.

पल्लवी म्हणाली, "मोठीआईसारखं नको बोलू. तिला तरी कुठे ते पूर्ण पाहवत होतं? माझ्याकडून कापून घेतलं होतं तिनं."

"काय कापून घेतलं?"

"तो व्हिडिओच. तुला नाही सांगितलं? दिवाळीत आले होते तेव्हा. म्हणाली, याच्या पुढचं काढून टाक, मला एवढंच पाहिजे. 'ये माँ' एवढंच ठेवलं मी. तिचा चेहरा, मी, आणि तेवढाच आवाज."

मी खाली बसले, बाई. फोन कानाला तसाच.

तुम्ही मला कावळा सांगितला, यम सांगितला, वर्ध्याच्या दहा गोष्टी सांगितल्या. त्या खोट्या नव्हत्या, दवाखान्यात तुमचे दात मी ऐकले आहेत. पण तुम्ही दार अडवून उभ्या राहत होत्या त्याला आणखीही काही कारण होतं, आणि ते मला कसं सांगणार होत्या? पोरीची आई मी. मी त्यांच्या ऑफिसात पोर कडेवर घेऊन गेले असते तर पहिलं वाक्य काय बोलले असते? की ही तिची आई नाही, आई मी आहे. साऱ्या जगात एकाच जागी तुम्हाला कोणी न विचारता, न अडवता आई म्हटलं होतं, आणि मी दरवर्षी ते पुसायला निघत होते. विचारलं असतं एकदा तर? पण मी आलं टाकत बसले.

आणि तुम्ही कापलं कुठे, तेही पाहा. आई आहे, मांडीवर लेकरू आहे, आणि पुढचं अजून कोणी बोललेलं नाही. म्हणजे मेलेलं लेकरू तुम्हालाही नकोच होतं. पोरीनं त्यांना लिहिलं तर ते पुढचंच तर पुसलं जाईल. मग मी कशाला अडवू? हे माझ्या डोक्यात आलं तरी भीती होती तिथेच होती. कळल्याने भीती जाते असं जे म्हणतात त्यांनी कधी भीती पाहिलेली नाही.

मी म्हटलं, "लिही."

तिने लिहिलं. काल दुपारी तिचा पुन्हा फोन आला. चॅनेलमधून कोणी बाई बोलली म्हणे तिच्याशी, खूप माफी मागितली, म्हणाली सुधारून दाखवू, पल्लवीच्या नावासकट दाखवू. मग पल्लवीने मला विचारलं.

"आई, ती विचारून राहिली की 'वो महिला आपकी कौन थीं?' मी म्हटलं, घरी विचारून सांगते. काय सांगू? काकी सांगू? बड़ी माँ?"

"आई सांग."

"आणि तू?"

"मी आहे नं अजून. तू त्यांचं सांग."

नाक ओढल्याचा आवाज आला तेवढा. मग "बरं" म्हणाली आणि फोन ठेवला.

आता पुढच्या उन्हाळ्यापासून ते वेगळं दाखवतील. तो जड आवाज काढून टाकतील. खबर पुसली, बाई, मीच पुसू दिली. इतकी वर्षं आपण दोघी मिळून भीत होतो, एकीची भीती संपली की दुसरीची सुरू. आता मी एकटी भिऊन राहिले. काल फॅन जरा हलला तर मी अनवाणी अंगणात. तिचे दिवस भरत आलेत. तुमची पोर जिवंत आहे हे आता साऱ्या गावाला कळणार आहे. तिकडून लक्ष ठेवा तिच्यावर.